पंचशीलाबाईंच्या नावाची मेक्सिको सफर

रविवार, दिनांक १६ फेब्रुवारी २०२५ रोजी सकाळी सहा वाजून तीस मिनिटांनी नांदेडच्या तरोडा भागातील सेवानिवृत्त शाखा अभियंता आनंदराज सोनकांबळे यांच्या अंगणात अकरा माणसे मेक्सिको शहराच्या फुटपाथवर खायला जमली होती. खुर्च्या नऊ होत्या. मेक्सिकोत त्या वेळी शनिवारची संध्याकाळ होती आणि घड्याळात सात वाजले होते.

मूळ योजनेत माणसे दोन, खुर्च्या दोन आणि मोबाइल एक, एवढेच साहित्य धरलेले होते. आनंदरावांनी लातूरच्या तंत्रनिकेतनातून यंत्र अभियांत्रिकीची पदविका घेतली होती आणि पुढे सारी नोकरी धरणांचे दरवाजे सांभाळण्यात घालवली होती. पावसाळ्यापूर्वी प्रत्येक दरवाजा एकदा उचलून आणि एकदा टेकवून पाहिल्याखेरीज त्यांनी कधी अहवालावर सही केली नव्हती. असा मनुष्य नऊ खुर्च्यांवर अकरा माणसे बसवण्याच्या अवस्थेला कसा पोहोचला, हे क्रमाने सांगितले पाहिजे.

सुरुवात पंचशीलाबाईंपासून. त्या आनंदरावांच्या पत्नी, माहेर कंधारकडचे. त्यांची मुलगी लुंबिनी मेक्सिको शहरात एका संगणक कंपनीत नोकरीला आहे. तिने एकदा आईला मोबाइलवर तिथला रस्ता दाखवला. फुटपाथवर गाडा होता, गाड्यामागे एक बाई दोन्ही हातांवर भाकरीसारखे काहीतरी थापत होती, आणि पुढे टाय लावलेला एक साहेब, रस्ता झाडणारा एक माणूस, दप्तर घेतलेली एक मुलगी आणि एक पोलीस, असे सगळे खांद्याला खांदा लावून खात होते. पंचशीलाबाईंनी मोबाइल डोळ्यांजवळ नेला.

"तिथं सगळेच उभे हायत का गं?"

"हो आई. खुर्च्याच नसतात."

"मग मला तिथं एकदा उभं राहून खायचंय."

आनंदरावांनी हातातले वर्तमानपत्र खाली ठेवले. एक्केचाळीस वर्षांच्या संसारात या बाईने रस्त्यावर उभे राहून शेंगदाणासुद्धा तोंडात टाकलेला नव्हता. कुठेही गेल्या तरी त्यांचा शब्द ठरलेला असे: पार्सल. भजी पार्सल, इडली पार्सल, एकदा तर उसाचा रस पार्सल. तो घरी येईपर्यंत काळा पडला, तरी त्यांनी तो पेल्यात ओतून, पाटावर बसून, शांतपणे घेतला होता. वसाहतीत याचा अर्थ टापटीप असा लावला जाई. शेजारच्या गुणाबाई तर तोंडावर म्हणत, "आमच्यापरीस तुमचंच सोवळं लई कडक हाय, ताई." पंचशीलाबाई यावर हसत. खरे कारण आनंदरावांना ठाऊक होते. परंतु ज्या तुळईवर घराचे छत टेकलेले असते, ती बरी आहे ना म्हणून ते रोज ठोकून पाहत नसत. तसेच हेही होते.

लुंबिनीने आईवडिलांच्या नावाने दोन जागा राखून ठेवल्या. सोबत माहितगार बाई, पायी फिरणे, आठ गाडे, प्रत्येक गाड्यावर एक पदार्थ. त्यानंतर पंचशीलाबाईंच्या पायांवर सूज आली, ती उतरेना, आणि तपासण्यांअंती आठवड्यातून दोनदा रक्त शुद्ध करणाऱ्या यंत्राला जोडून घेण्याची पाळी आली. विमानाचे नाव काढताच डॉक्टरांनी चष्मा काढला. डॉक्टरांनी चष्मा काढला की पुढचे वाक्य ऐकण्यासारखे नसते, एवढे त्या दवाखान्यातल्या सगळ्यांना माहीत होते.

"आपण पुढच्या वर्षी जाऊ," आनंदराव रिक्षात म्हणाले.

"हाव," पंचशीलाबाई म्हणाल्या. दोघेही रिक्षाच्या दोन वेगवेगळ्या बाजूंना पाहत होते.

सफर घडवणाऱ्या कंपनीचा नियम असा निघाला की सफर रद्द करता येत नाही आणि नावातही बदल होत नाही. तेव्हा लुंबिनीने आईच्या नावाने स्वतः जावे, मोबाइल हातात धरावा आणि आईने घरी बसून पाहावे, असे ठरले. वडिलांच्या नावापुढे गैरहजर लागणार होते. संपूर्ण सेवाकाळात एकही गैरहजेरी नसलेल्या माणसाला हे थोडे लागले, पण तो भाग वेगळा.

इथपर्यंत काम आटोपशीर होते. मग गुणाबाईंचे यजमान शेषेराव कुंपणाशी आले. शेषेरावांची शेती नायगावला, घर नांदेडला आणि लक्ष सोनकांबळ्यांच्या अंगणात.

"इंजिनियर साहेब, आजारी माणसानं एवढुश्या मोबाइलवर डोळे बारीक करून बघावं का? मोठा पडदा लावा. मी खुर्च्या देतो."

मोठा पडदा म्हणजे प्रोजेक्टर. दिवाणखान्याच्या भिंतीवर बाबासाहेबांची आणि तथागतांची तसबीर होती. ती उतरवून तिथे खाद्यपदार्थ दाखवण्याचा विचार कोणाच्याही मनात आला नाही. म्हणून पडदा अंगणात गेला. अंगण आले तशी माणसे आली. गुणाबाईंनी तर मूलभूत हरकत घेतली.

"नुसतं खाण्याकडं बघत बसलं की माणसाला वखवख लागते. ताईपुढं कायतरी ठेवायला पाह्यजे. मी करते."

"त्यांना पथ्य आहे, गुणाबाई. मीठ मोजून, पाणी मोजून."

"मग मोजून करते की. मला काय मोजता येत न्हाई?"

अशा रीतीने मेक्सिकोच्या प्रत्येक पदार्थाला एक समतुल्य पदार्थ ठरला, आणि तो करण्यासाठी गुणाबाईंच्या दोन सुना, सुनांच्या मदतीला त्यांच्या बहिणी, असा मनुष्यबळाचा विस्तार होत गेला. आनंदरावांनी दोनदा आक्षेप नोंदवला. नोंद कोणी घेतली नाही.

प्रोजेक्टर लातूरच्या सिद्धेश्वरकडे होता. सिद्धेश्वर तंत्रनिकेतनातला त्यांचा वर्गमित्र. लातुरात त्याचे विद्युत उपकरणे दुरुस्तीचे दुकान. तो म्हणाला, "प्रोजेक्टर देतो. पण आनंद्या, वीज गेली तर? इन्व्हर्टर पण घे. आणि तुझ्या हातून नीट जोडला जाणार नाही, म्हणून मीही येतो." पदविकेच्या अंतिम वर्षाला सिद्धेश्वरला आनंदरावांपेक्षा कमी गुण होते, हे आनंदरावांनी त्या क्षणी आठवले आणि गिळले.

सामान न्यायला आनंदराव लातूरला गेले. परतताना लातूरच्या बसस्थानकावर वाहकाने इन्व्हर्टरच्या बॅटरीकडे पाहिले.

"ह्यात तेजाब असतंय. गाडीत चालत न्हाई."

आनंदरावांनी तिकिटाच्या मागच्या बाजूस बंद बॅटरीची आकृती काढली, बाष्प कुठे जाते ते बाणाने दाखवले, आणि सांडण्याची शक्यता का नाही हे तीन मुद्द्यांत सांगितले. वाहकाने सगळे मनापासून ऐकले.

"साहेब, तुमचं शंभर टक्के बरोबर हाय," तो म्हणाला. "आता उतरा."

दुसऱ्या गाडीतूनही उतरावे लागले. तिसऱ्या गाडीत सिद्धेश्वरने शास्त्र बाजूला ठेवले, बॅटरीवर घोंगडी टाकली आणि ती मांडीवर घेऊन डोळे मिटले. अहमदपूरला त्याचे पाय बधिर झाले, लोह्याला कंबर गेली. नांदेडला दोघांनी त्याला धरून उतरवले. बॅटरी मात्र सुखरूप होती.

त्याच आठवड्यात मोबाइलवर सूचना आली की रविवारी साडेआठ वाजल्यापासून दुरुस्तीसाठी वीजपुरवठा बंद राहील. आनंदराव अर्ज घेऊन उपकेंद्रात गेले. तिथल्या कारकुनाने अर्ज वाचला आणि मान वर केली.

"कारण काय लिहिलंय हे? मेक्सिकोतील खाद्यसफर?"

"तेच कारण आहे."

"काका, पुरवठा चालू ठेवायला आम्हाला लग्न चालतं, परीक्षा चालते, मयत चालते. सफर न्हाई चालत." मग आवाज खाली आणून तो म्हणाला, "घरात कोणी आजारी हाय का? तसं लिहा ना. आजारी माणूस लिहा, सायेब लगेच बघतात."

आनंदरावांनी पेन उघडले. ते लिहिले असते तर खोटे झाले नसते. पण पत्नीच्या सफरीच्या अर्जावर पत्नीचा आजार कारण म्हणून लिहायला त्यांचा हात चालेना. त्यांनी अर्ज घडी करून खिशात ठेवला. इन्व्हर्टर आहे, असे त्यांनी मनाशी म्हटले. गणित करून ठेवले होते: प्रोजेक्टर, वायफाय, एक दिवा. तेवढ्या भाराला दोन तास सहज मिळत होते.

सफर ठरल्या वेळी सुरू झाली. पडद्यावर पिवळी छत्री घेतलेली एक ठेंगणी, हसऱ्या चेहऱ्याची बाई आली. लुंबिनीने सांगितले, हिचे नाव ग्रासिएला. ग्रासिएलाने गटाची हजेरी घेतली. "पंचशीला," असे तिने बरेचसे बरोबर म्हटले. तिकडे लुंबिनीने हात वर केला. इकडे अंगणात, शाल पांघरून पुढच्या खुर्चीत बसलेल्या पंचशीलाबाईंनीही हात वर केला.

"हाय," त्या म्हणाल्या.

सुना हसल्या. पंचशीलाबाई हसल्या नाहीत.

पहिल्या गाड्यावर निळ्या मक्याची भाकरी होती. गुणाबाईंनी निकाल दिला, "करपवली बाईनं." पंचशीलाबाई म्हणाल्या, "न्हाई हो, मक्याचा रंगच तसा हाय. थापून बघा कशी राहिली, हाताला पाणीसुद्धा बेतानं लावते." त्यांच्यापुढच्या बशीत ज्वारीच्या भाकरीचा चौकोन होता. त्यांनी तो हातात घेतला, पण खाल्ला नाही.

दुसऱ्या गाड्यावर लाल सरबत आले. लुंबिनीने ज्या सुकलेल्या फुलांपासून ते करतात ती मोबाइलसमोर धरली, तेव्हा शेषेराव खुर्चीतून उठले. "हे तर अंबाडीचे बोंडं हायत. आपण भाजी खातो अन् बोंडं फेकून राहिलो. हे लोक पिऊन राहिले." यावर चर्चा चालू असताना पडद्यावरचे चित्र फिके पडू लागले. सिद्धेश्वरने जोडण्या तपासल्या, भिंग पुसले. चित्र आणखी फिके झाले. मग सर्वांच्या लक्षात आले की सूर्य उगवला आहे.

दोन्ही देशांतल्या वेळेचा फरक आनंदरावांनी मिनिटापर्यंत काढला होता. नांदेडला सकाळ होते, ही बाब त्यात सुटली होती.

शेषेरावांनी धान्य झाकायची ताडपत्री आणली. चार बाजूंनी चार माणसांनी ती धरली. यामुळे खुर्च्यांचा प्रश्न आपोआप सुटला. अंधारात तिसरा गाडा आला; तिथे तळलेले नाकतोडे होते. गुणाबाईंनी तोंडाला पदर लावला. "आमच्या सोयाबीनवर फुकट हायत," ताडपत्रीचा कोपरा धरलेले शेषेराव म्हणाले. "सांगा त्या बाईला, पोत्यानं पाठवतो." या पदार्थाचा समतुल्य म्हणून सुनांनी खारे शेंगदाणे ठेवले होते; ते पथ्यात बसत नसल्यामुळे आनंदरावांनी स्वतः खाल्ले. एवढा एक क्षण सोडला तर त्यांना तोवर उसंत मिळाली नव्हती.

चौथ्या गाड्यावर उभ्या सळईला मांस लावलेले होते, वर अननस. गाड्याभोवती गर्दी होती आणि योगायोगाने तिथेही एक झाडणारा माणूस होता, झाडू गाड्याला टेकवून खात असलेला. त्याच्या शेजारी कोट घातलेला एक गृहस्थ. गाडेवाल्याने एका प्लेटवर प्लास्टिकची पिशवी चढवली, त्यावर वाढले. खाणारा गेला, पिशवी काढून टाकली, नवी चढवली आणि तीच प्लेट पुढच्याला दिली.

"प्लेट सगळ्याची तीच," पंचशीलाबाई म्हणाल्या.

"ताई, एवढं काय बघून राहिल्या?" गुणाबाईंनी विचारले. "मघापासून एक घास घेतला न्हाई तुम्ही."

पंचशीलाबाईंनी पडद्यावरून नजर काढली नाही. हवापाण्यावर बोलावे अशा आवाजात त्या बोलल्या.

"मी सात-आठ वर्षाची असंन. माझा बाप, मारोती, मला कंधारच्या बाजारात घेऊन गेला. हाटेलात गरम भजे निघून राहिले व्हते. आमाला आत जायचं न्हवतं. हाटेलवाल्यानं भजे कागदात बांधले अन् वरून बापाच्या हातात टाकले. हाताला हात लागू न देता. चहाची कपबशी बाहेर कोनाड्यात वेगळी. पिऊन आपणच धुवून ठेवायची. बापानं भजे घेतले. मी खायला हात घातला तर म्हणला, न्हाई. आता आपण बुद्धाचे. असं रस्त्यात उभ्यानं खायचं न्हाई. घरी चल. घरी मायनं ताट मांडलं. आमी बसून खाल्ले. गार झाले व्हते."

पडद्यावर ग्रासिएला लिंबू पिळून दाखवत होती.

"म्हणून पार्सल," गुणाबाई म्हणाल्या.

"हाव."

"अन् मी सोवळं सोवळं करून राहिले."

पंचशीलाबाईंनी त्यांच्या मनगटावर हात ठेवला. रक्त शुद्ध करणाऱ्या यंत्राच्या सुयांच्या खुणा असलेला तो हात होता. शेषेरावांनी ताडपत्रीचा कोपरा सोडला आणि पुन्हा धरला. "आमच्या नायगावातल्या हाटेलाला बी असा कोनाडा व्हता," ते म्हणाले. "मी रोज बघत व्हतो." एवढेच.

त्याच सुमारास, सूचनेत दिलेल्या वेळेच्या पुष्कळ आधी, वीज गेली. इन्व्हर्टरने शिट्टी दिली, भार घेतला, पडदा उजळला. आणि लगेच काळा झाला. सिद्धेश्वर तारेचा माग काढत स्वयंपाकघराकडे गेला. ताई खात नाहीत, भाकरी गार झाली असेल, म्हणून थोरल्या सुनेने विजेची शेगडी लावली होती.

"भार जास्त झाला, इन्व्हर्टर आतून जळाला," सिद्धेश्वर म्हणाला. सून रडकुंडीला आली. आनंदराव पहिल्यांदाच खुर्चीवर बसले. आयुष्यात त्यांचा एकही दरवाजा अर्ध्यावर अडकला नव्हता, आणि जो एक उचलून दाखवायचा होता तो असा मध्येच राहिला. त्यांनी चष्मा काढून पुसला. पुसून झाल्यावरही ते पुसत राहिले.

"चारच झाले," ते पत्नीला म्हणाले. "चार राहिले."

"राहू द्या." पंचशीलाबाई खुर्चीच्या हाताला धरून उठत होत्या. "मला चपला द्या."

"कुठे?"

"कोपऱ्यावर."

कोपऱ्यावर चतुराबाईंचा पोह्यांचा गाडा होता. अंतर काही फार नव्हते, पण पंचशीलाबाई वाटेत दोनदा थांबल्या आणि दोन्ही वेळा आकाश पाहत असल्यासारखे त्यांनी दाखवले. मागून सगळी वरात. गुणाबाईंनी खुर्ची उचलून आणली होती.

"ती खुर्ची माघारी ठेवा, गुणाबाई."

"ताई, दम लागून राहिला तुम्हाला."

"लागू द्या. तिथं व्हत्या का खुर्च्या?"

चतुराबाईंनी पंचशीलाबाईंना येताना पाहिले आणि सवयीने वर्तमानपत्राचा तुकडा ओढला. वर्षानुवर्षे त्या असाच तुकडा ओढत आल्या होत्या.

"पार्सल ना, वहिनी?"

"पार्सल नको," पंचशीलाबाई म्हणाल्या. "प्लेटीत द्या. मीठ कमीचं. अन् ह्या सगळ्यास्नी द्या. सगळे उभ्यानं खाणार हायत."

चतुराबाईंनी कागद परत खाली ठेवला. कढईच्या कडेचे, बिनमिठाचे म्हणता येतील असे पोहे त्यांनी काढले, प्लेट आपल्या हाताने पंचशीलाबाईंच्या हातात दिली. वरून नाही, हातात.

अकरा माणसे गाड्याभोवती उभी राहिली. सायकलवरून जाणारा एक दूधवाला थांबला आणि बारावा झाला. पंचशीलाबाईंनी पहिला घास घेण्याआधी प्लेटीतले शेंगदाणे एकेक करून वेचले आणि नवऱ्याच्या प्लेटीत टाकले. डॉक्टरांनी मना केले होते, म्हणून. भर रस्त्यात त्यांनी असे काही केल्याचे आनंदरावांना आठवत नव्हते. ते शेंगदाणे त्यांनी खाल्ले. खारे नव्हते, तरी तसेच लागले.

खिशातला मोबाइल वाजला. लुंबिनी होती. "पप्पा, कुठे गेलात तुम्ही? सहावा गाडा चालू आहे. ग्रासिएला पुन्हा हजेरी घेतेय." आनंदरावांनी मोबाइल पत्नीच्या तोंडासमोर धरला. पलीकडून पिवळी छत्री दिसली आणि नाव ऐकू आले.

"हाय," पंचशीलाबाई भरल्या तोंडाने म्हणाल्या. "उभी हाय."

लुंबिनीने पलीकडे मोबाइल फिरवून गाड्याभोवतीची माणसे दाखवली. आनंदरावांनी मोबाइल फिरवून इकडची दाखवली. मग मोबाइलची बॅटरी संपली.

एप्रिलच्या तिसऱ्या आठवड्यात पंचशीलाबाई गेल्या. त्या दिवशी गुणाबाईंनी कोणाला न विचारता घराची चूल सांभाळली. सिद्धेश्वर लातूरहून आला आणि काही दुरुस्त करण्यासारखे आहे का, म्हणून घरभर हिंडला.

सफर घडवणाऱ्या कंपनीला हे कळण्याचा मार्ग नव्हता. तिचे संदेश पंचशीलाबाईंच्या नावाने येतच राहिले. प्रिय पंचशीला, आपला अनुभव कळवा. प्रिय पंचशीला, आम्ही वाट पाहत आहोत. लुंबिनी फोनवर म्हणाली, "पप्पा, मी ते बंद करून टाकते."

"नको. विचारले आहे तर उत्तर गेले पाहिजे. प्रश्न काय आहे?"

लुंबिनीने वाचून दाखवला. पंचशीला, आठ ठिकाणांपैकी किती ठिकाणी तुम्ही खाल्ले?

"आठ लिहा," ती म्हणाली. "तिच्या नावानं मी आठही ठिकाणी खाल्लं."

आनंदरावांनी तिला तो संदेश इकडे पाठवायला सांगितला. चष्मा पुसला. चौकटीत अक्षरे जात नव्हती, फक्त आकडा जात होता. खाली कारण किंवा शेरा लिहायला जागा नव्हती. गाडा मेक्सिकोतला की नांदेडचा, असे कंपनीने कुठेही विचारलेले नव्हते. आपण डोळ्यांनी पाहिले तेवढ्यावरच सही करायची, ही त्यांची जुनी रीत होती.

त्यांनी आकडा भरला: १.